डंकेलच्या बाजूने

१९९१च्या डिसेंबरात जिनिव्हामध्ये गॅटचे महासंचालक आर्थर डंकेल यांनी जागतिक व्यापार कराराचा मसुदा सदस्य देशांपुढे ठेवला आणि पुढची दोन-तीन वर्षे महाराष्ट्रातल्या गावोगावच्या सभांमध्ये ‘डंकेल’ हे आडनाव शिवीसारखे वापरले गेले. बियाणे शेतकऱ्याच्या हातून जाणार, परदेशी कंपन्या शेती गिळणार, देश पुन्हा पारतंत्र्यात जाणार, असे सांगणाऱ्यांत कम्युनिस्ट होते, समाजवादी होते आणि नागपुरात नुकताच स्थापन झालेला स्वदेशी जागरण मंचही होता. एरवी एका मांडवात न बसणारी ही मंडळी या एका नावावर एक झाली. शेजारच्या कर्नाटकात प्रा. नंजुंडस्वामी यांच्या रयत संघाचे कार्यकर्ते १९९२च्या डिसेंबरात बंगळूरला कारगिल कंपनीच्या कचेरीत घुसले आणि तिथली कागदपत्रे बाहेर काढून त्यांनी जाळली.

त्याच सुमारास छातीवर लाल बिल्ला लावलेल्या हजारो शेतकऱ्यांपुढे उभे राहून शरद जोशी सांगत होते, की हा करार झाला पाहिजे. आणि नुसता झाला पाहिजे असे नव्हे, तर तो जेवढा व्हायला हवा तेवढा कडक नाही, अशी त्यांची तक्रार होती. मुंबईच्या एखाद्या उद्योगपतीने असे म्हटले असते तर कोणी दचकले नसते. फोरम ऑफ फ्री एंटरप्राइझ ही ए. डी. श्रॉफ यांनी स्थापलेली संस्था १९५६पासून मुंबईत बसून मुक्त उद्योगाची बाजू इंग्रजीत मांडतच होती. पण कांदा, ऊस, तंबाखू आणि कापूस पिकवणाऱ्यांचा पुढारी, ज्याच्या शब्दावर माणसे रस्त्यावर बसली, तुरुंगात गेली, गोळ्या खाऊन मेली, तो खुल्या बाजाराची मागणी करतो आहे, हे अनेकांना पटेना. साहेब विकले गेले, असेही काहींनी म्हटले. जगात इतरत्र हा विचार बहुधा प्राध्यापकांच्या आणि भांडवलदारांच्या ओसरीवर वाढला. महाराष्ट्रात तो बाजार समितीच्या आवारात वाढला, आणि म्हणूनच त्याची हकिकत सविस्तर सांगण्याजोगी आहे.

शरद जोशी मूळचे साताऱ्याचे, जन्म १९३५चा. सिडनहॅम कॉलेजातून वाणिज्य शाखेची पदवी घेतली, १९५८मध्ये भारतीय टपाल सेवेत गेले आणि १९६८पासून जवळजवळ दशकभर स्वित्झर्लंडच्या बर्न शहरात जागतिक टपाल संघटनेच्या कचेरीत अधिकारी होते. ती नोकरी सोडून ते परतले आणि पुणे जिल्ह्यात चाकणजवळ आंबेठाण इथे त्यांनी कोरडवाहू जमीन घेतली. त्या शेताचे नाव ‘अंगारमळा’. बर्नमध्ये बसून तिसऱ्या जगाच्या दारिद्र्याविषयीचे अहवाल वाचून कंटाळलेला माणूस ते दारिद्र्य मुळात कुठे तयार होते ते बघायला आला होता. शेती केल्यावर जे कोणाही शेतकऱ्याला कळते तेच त्यांनाही कळले: पीक बुडाले तर माणूस मरतो आणि पीक भरघोस आले तरी मरतो. माल बाजारात नेल्यावर हमाली, तोलाई, अडत, भाडे वजा होऊन हातात पट्टी येते आणि ती कधी कधी उलटी असते. म्हणजे माल देऊन वर शेतकऱ्यानेच पैसे भरायचे. फरक एवढाच, की या शेतकऱ्याला ताळेबंद वाचता येत होता आणि तो वहीत खर्च मांडत होता.

चाकणचा कांदा हे त्याचे पहिले रणांगण. १९७८मध्ये भाव कोसळले तेव्हा पुणे-नाशिक रस्ता अडवला गेला आणि सरकारला नाफेडमार्फत खरेदीत उतरावे लागले. ९ ऑगस्ट १९७९ रोजी, क्रांतिदिनाचा मुहूर्त साधून, चाकणला शेतकरी संघटनेचे कार्यालय उघडले. १९८०च्या नोव्हेंबरात लढा नाशिक जिल्ह्यात गेला. पिंपळगाव बसवंतचे माधवराव खंडेराव मोरे यांच्यासारखे आधीच धुमसत असलेले स्थानिक पुढारी त्याला मिळाले, उसाला टनाला ३०० रुपये आणि कांद्याला क्विंटलला ५० ते ७० रुपये ही मागणी घेऊन माणसे रेल्वेच्या रुळांवर बसली, खेरवाडीला गोळीबार झाला. १९८१च्या मार्चमध्ये निपाणीचे तंबाखू उत्पादक पुणे-बंगळूर महामार्गावर ठाण मांडून बसले. तीन आठवडे त्या रस्त्यावर जणू गावच वसले होते. ६ एप्रिलला पोलिसांनी ते उठवले तेव्हा झालेल्या गोळीबारात १२ शेतकरी मेले.

या सगळ्या लढ्यांची घोषणा एकच होती: भीक नको, हवे घामाचे दाम. कार्यक्रमही एककलमी, शेतमालाला उत्पादन खर्चावर आधारित रास्त भाव. गावात शाळा हवी, दवाखाना हवा, दारूबंदी हवी, असे सांगत येणाऱ्या समाजसेवकांना जोशी हसत. भाव द्या, बाकीचे गाव आपले आपण करील, असे त्यांचे म्हणणे असे. खेड्यातल्या भांडणाचे मूळ मोठा शेतकरी विरुद्ध शेतमजूर यात शोधणाऱ्या डाव्यांना ते ‘भारत’ आणि ‘इंडिया’ अशी दुसरीच रेघ मारून दाखवत. गंमत म्हणजे त्यासाठी आधार घेत तो मार्क्सवादी विचारवंत रोझा लक्झेंबर्गचा. भांडवलाचा पहिला साठा कारखान्यातल्या मजुराकडून येत नाही, तो भांडवलशाहीच्या बाहेर असलेल्यांना लुटून येतो, हा तिचा विचार त्यांनी उचलला आणि त्याला नेहरूंच्या पंचवार्षिक योजना लावल्या. कारखाने उभे करायचे तर कच्चा माल स्वस्त हवा, कामगाराला कमी पगार द्यायचा तर धान्य स्वस्त हवे. दोन्ही स्वस्त ठेवण्यासाठी सरकार लेव्ही म्हणजे सक्तीची वसुली लावते, जिल्हाबंदी करते, निर्यात बंद करते आणि तेही पुरले नाही तर बाहेरून धान्य आणून बाजारात ओतते. १९५५चा आवश्यक वस्तू कायदा हे त्याचे मुख्य हत्यार. शेतकऱ्याचे दारिद्र्य हे दैव नाही, अडाणीपणा नाही, ते दिल्लीत ठरवलेले धोरण आहे, हे त्यांनी ज्या सोपेपणाने सांगितले तसे आधी कोणी सांगितले नव्हते. महात्मा फुल्यांनी शंभर वर्षांपूर्वी सारा, कुळकर्णी आणि गोरे अंमलदार यांच्याविषयी जे मांडले होते त्याच वाटेवरची ही पुढची मजल असल्याचे जोशी स्वतःही मानत. ‘शेतकऱ्याचा असूड’वर त्यांनी आवर्जून लिहिले आहे.

पण या मांडणीत एक जोड होता आणि तो श्रोत्यांच्या लक्षात आला नव्हता. सरकारच भाव पाडते, हे निदान मान्य केले की उपचार दोन संभवतात. एक, सरकारने भाव द्यावा. दुसरा, सरकारने हात काढून घ्यावा. १९८०च्या दशकात सभांमध्ये पहिला उपचार ऐकू येत होता, कारण आंदोलन करायचे म्हणजे कोणाकडे तरी मागायचे असते आणि मागायला समोर सरकारच होते. दुसरा उपचार शिबिरांतल्या भाषणांत, विवेचनाच्या ओघात येई. पुढे जोशींनी भूमिका बदलली, असा आरोप झाला. मला तो खरा वाटत नाही. त्यांनी पहिल्यापासून पूर्ण वाक्य उच्चारले होते, लोकांनी त्यातले अर्धेच उचलले. अर्थात लोकांचाही सगळा दोष नाही. १९८५-८६मध्ये राजीव गांधींच्या सरकारने कृत्रिम धाग्याला सवलती दिल्या तेव्हा कापूस मरणार म्हणून संघटनेने ‘राजीवस्त्रा’वर बहिष्कार घातला, त्या कापडाच्या होळ्या केल्या. बाजाराला मोकळे सोडा म्हणणाऱ्या चळवळीने ग्राहकाने काय नेसावे यावर आंदोलन करावे, हे तर्कशास्त्रात बसत नाही. कापसाच्या भावात मात्र बसत होते.

कापसाची गोष्ट थोडी थांबून सांगायला हवी, कारण खुल्या बाजाराचा धडा विदर्भ-मराठवाड्याला कापसाने शिकवला. १९७१च्या कायद्याने महाराष्ट्रात कापूस एकाधिकार खरेदी योजना आली. राज्यात पिकलेले बोंड न् बोंड पणन महासंघाला विकायचे, दुसऱ्या कोणाला विकणे गुन्हा. हेतू चांगला होता. व्यापारी आणि जिनिंगवाले मिळून शेतकऱ्याला नाडत, त्यांना मधून काढायचे, हमी भाव द्यायचा, वर्षअखेर नफा उरला तर तोही वाटायचा. सुरुवातीला शेतकऱ्यांना ती आपलीशी वाटलीही. मग केंद्रावर बैलगाड्यांच्या रांगा लागू लागल्या, प्रतवारी करणाऱ्याच्या मर्जीवर माल चांगला की हलका ते ठरू लागले, चुकाऱ्याचे पैसे महिनोन् महिने अडकू लागले. आणि ज्या वर्षी सीमेपलीकडे मध्य प्रदेशात, आंध्रात किंवा गुजरातेत भाव जास्त असे, त्या वर्षी यवतमाळचा किंवा अमरावतीचा शेतकरी आपलाच कापूस रात्री चोरासारखा राज्याबाहेर नेई आणि नाक्यावर पकडला जाई. शेतकरी संघटनेने पुढे उघडपणे कापूस सीमापार नेण्याची आंदोलने केली. मालकीचा हक्क म्हणजे काय यावर ग्रंथ वाचायची गरज त्या माणसाला नव्हती. शेत माझे, घाम माझा, कर्ज माझ्या नावावर, आणि माल कोणाला विकायचा ते मात्र मुंबईतल्या मंत्र्याने ठरवायचे, ही तक्रार त्याला बरोबर कळत होती. उसाच्या झोनबंदीत तेच: आपल्या हद्दीतल्या कारखान्यालाच ऊस घालायचा, शेजारचा कारखाना जास्त देत असला तरी. एकाधिकार योजना २००२च्या सुमारास खासगी व्यापाऱ्यांना वाट मोकळी झाल्यावर संपल्यातच जमा झाली. तोवर तिचा तोटा काही हजार कोटींच्या घरात गेला होता, आणि तो भरला करदात्यांनी.

इथे महाराष्ट्राचे एक वैशिष्ट्य ध्यानात घेतले पाहिजे. १९५९च्या जानेवारीत काँग्रेसचे अधिवेशन नागपुरातच भरले होते आणि त्यात संयुक्त सहकारी शेतीचा ठराव झाला. शेतकऱ्यांनी जमिनी एकत्र करायच्या, मालकी कागदावर राहील पण कसायचे मिळून, अशी ती कल्पना. चरणसिंगांनी त्या अधिवेशनातच तिला कडाडून विरोध केला. आंध्रचे किसान नेते एन. जी. रंगा काँग्रेस सोडून बाहेर पडले. राजगोपालाचारींनी वयाच्या ऐंशीव्या वर्षी नवा पक्ष काढला, १९५९च्या ऑगस्टात मुंबईत त्याचे अधिवेशन झाले: स्वतंत्र पक्ष. लायसन्स-परमिट राज हा शब्दप्रयोग राजाजींनी रूढ केला. १९६७मध्ये या पक्षाचे ४४ खासदार निवडून आले आणि लोकसभेतला तो सर्वांत मोठा विरोधी पक्ष ठरला. गुजरात, राजस्थान, ओडिशा इथे त्याची ताकद होती. त्यात संस्थानिक बरेच होते, आणि त्यामुळे त्याच्यावर बसलेला ‘राजे-महाराजांचा पक्ष’ हा शिक्का कधी पुसला गेला नाही. ज्या महाराष्ट्रात त्याचा जन्मोत्सव झाला तिथे मात्र त्याला पाय रोवता आले नाहीत. कारण उघड आहे. इथला बागायतदार सहकारात होता. प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी उभ्या केलेल्या साखर कारखान्याने दाखवून दिले होते, की सरकारी भागभांडवल आणि सरकारी हमी घेऊन शेतकरी कारखानदार होऊ शकतो. ज्याच्या घरी सरकारची पालखी आली आहे त्याला सरकार हटाव कोण पटवून देणार? जोशींना तो श्रोता मिळाला वीस वर्षांनी, कारण तोपर्यंत पालखी काही वाड्यांपुरतीच थांबली होती.

मालमत्तेच्या हक्काची घटनात्मक कहाणी याच काळात दुसरीकडे चालू होती. मूळ राज्यघटनेत तो मूलभूत हक्क होता. १९५१मध्ये, घटना लागू होऊन दीड वर्षही झाले नव्हते तेव्हा, पहिल्या घटनादुरुस्तीने नववे परिशिष्ट जोडले. त्यात घातलेल्या कायद्याला मूलभूत हक्कांचा भंग होतो म्हणून न्यायालयात आव्हान देता येणार नाही अशी तरतूद. सुरुवातीला त्यात १३ कायदे होते, सगळे जमिनीचे. आज नोंदी २८४ आहेत आणि निवडणुकीपासून साखर कारखान्यांपर्यंत काय काय त्यात जाऊन बसले. पुढे जनता सरकारने ४४व्या दुरुस्तीने मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांच्या यादीतूनच काढला; कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता घेता येणार नाही, एवढेच कलम ३००-अ मागे ठेवले. ही दुरुस्ती अमलात आली २० जून १९७९ रोजी. चाकणला संघटनेचे कार्यालय उघडण्याच्या अवघे सात आठवडे आधी. त्या वेळी चाकणच्या बाजारात कोणी त्याची दखल घेतली असेल असे वाटत नाही. कांद्याचा भाव हा जवळचा प्रश्न होता. पण पुढे विशेष आर्थिक क्षेत्रांसाठी (एसईझेड), महामार्गांसाठी, धरणांसाठी जमिनी जाऊ लागल्या तेव्हा संघटनेतली माणसे नवव्या परिशिष्टापर्यंत पोचली. अंबाजोगाईचे अमर हबीब यांनी तर पुढे किसानपुत्र आंदोलन काढून कमाल जमीनधारणा (सीलिंग), आवश्यक वस्तू आणि भूसंपादन हे तीन कायदे रद्द करा एवढीच मागणी लावून धरली आणि पहिल्या दुरुस्तीचा दिवस, १८ जून, शेतकरी पारतंत्र्य दिन म्हणून पाळायला सुरुवात केली.

या युक्तिवादाची मला जी बाजू लंगडी वाटते ती इथेच सांगतो. नवव्या परिशिष्टातल्या त्या पहिल्या १३ कायद्यांत दुसऱ्या क्रमांकावर आहे मुंबई कूळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, १९४८. म्हणजे आपला कूळकायदा. १९५६च्या सुधारणेनंतर १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन धरून लाखो कुळे कसत असलेल्या जमिनीची मालक झाली. शेतकरी संघटनेच्या सभेला ट्रॅक्टरमधून येणाऱ्या किती जणांचा सातबारा त्या कायद्यातून आला, याचा हिशोब कोणी केलेला नाही. पण पश्चिम महाराष्ट्रात ते थोडे नसणार. साताऱ्यात जन्मलेल्या एका ब्राह्मणाने, ज्याच्या जातीच्या अनेक कुटुंबांच्या जमिनी याच कायद्यात गेल्या, त्याने पूर्वाश्रमीच्या कुळांच्या मुलांना मालमत्तेच्या हक्काचे महत्त्व सांगावे, हा इतिहासाचा वाकडा विनोद आहे. मालकी पवित्र म्हणायची तर कोणत्या तारखेपासून? १९५७च्या आधीपासून की नंतरपासून? स्वातंत्र्यवादी विचारवंतांकडे याला उत्तर असते: मूळ संपादन न्याय्य हवे, वेठीने किंवा राजाच्या सनदेने मिळालेली इनामे ही मालमत्ता नव्हेच. उत्तर चांगले आहे. पण ते लावायला बसले तर महाराष्ट्रातला कुठला सातबारा शाबूत राहील, मला ठाऊक नाही. जोशींनी या खोलात जाणे टाळले. त्यांचा रोख विक्रीच्या स्वातंत्र्यावर होता, जमिनीच्या वंशावळीवर नव्हता.

मात्र मालकीच्या प्रश्नाला त्यांनी एका जागी हात घातला आणि तो त्यांच्या सगळ्या कामातला सर्वांत धीट भाग आहे असे माझे मत आहे. १९८६च्या नोव्हेंबरात नाशिक जिल्ह्यातल्या चांदवडला शेतकरी महिलांचे अधिवेशन भरले. लाखाहून जास्त बाया भाकरी बांधून आल्या. मुंबई-पुण्याच्या स्त्रीमुक्तीवाल्यांनाही इतक्या संख्येने स्त्रिया जमवता आल्या नव्हत्या. चांदवडच्या अधिवेशनाने ज्या प्रश्नांना वाट करून दिली त्यात एक होता: शेतकऱ्याच्या घामाला दाम नाही म्हणून आपण भांडतो, मग शेतकऱ्याच्या बायकोच्या घामाचे काय? निंदणी-खुरपणी ती करते, जनावरांचे ती बघते, आणि नवऱ्याने टाकले तर तिच्या नावावर वीतभर जमीन नसते. सरकारकडे भाव मागणाऱ्या पुरुषाला त्याच्याच घरात देणेकरी ठरवणारा हा सवाल होता.

त्यातून ‘लक्ष्मीमुक्ती’ निघाली. ज्या गावात शंभर किंवा अधिक शेतकरी आपल्या जमिनीचा तुकडा बायकोच्या नावावर करतील त्या गावाला शरद जोशी स्वतः येतील, ते गाव लक्ष्मीमुक्तीचे गाव म्हणून जाहीर होईल, एवढीच योजना. कायदा नाही, सक्ती नाही, अनुदान नाही. १९९०च्या आसपास तलाठ्याच्या कचेरीत शेतकरी स्वतः जाऊन बायकोचे नाव लावा म्हणू लागले आणि तलाठ्याला वाटे, हा सीलिंग चुकवायला आला आहे. हजारो स्त्रियांच्या नावावर जमीन चढली. किती टिकली, किती नुसती कागदावर राहिली, कुठे नवऱ्याने खडकाळ तुकडाच दिला, हे प्रश्न रास्त आहेत. हिंदू उत्तराधिकार कायद्यात मुलींना जन्मतः वाटा देणारी महाराष्ट्राची दुरुस्ती १९९४मध्ये आली, तीही बायकोबद्दल नव्हे, मुलीबद्दल. त्यामुळे बायकोला नवऱ्याच्या हयातीत मालक करण्याचा हा प्रयत्न कायद्याच्या पुढे होता. मालमत्तेच्या हक्काची भाषा बोलणाऱ्या किती विचारवंतांनी जगात कुठे आपल्या अनुयायांना सांगितले, की आधी स्वतःची मालमत्ता अर्धी वाटा? मालकी माणसाला उभे करते, हे तत्त्व त्यांनी मालकी नसलेल्या माणसाला लावून पाहिले.

डंकेलपर्यंत येताना ही सगळी शिदोरी पाठीशी होती. जोशींचा हिशोब असा: करार म्हणतो शेतीच्या सबसिड्या कमी करा. युरोप-अमेरिकेने त्या कमी कराव्यात, आपल्याला काय? भारतीय शेतकऱ्याला खताची, विजेची सबसिडी मिळते हे खरे. पण निर्यातबंदी आणि लेव्हीमुळे त्याला जागतिक भावापेक्षा जे कमी मिळते ते मोजले तर बेरीज शून्याच्या खाली जाते. ही ‘उणे सबसिडी’ ७२ टक्के आहे, असे ते सरकारी आकडेवारीच्याच आधाराने सांगत. म्हणजे शंभर रुपयांच्या मालामागे शेतकरीच सरकारला देणगी देतो आहे. मग बाजार खुला झाला तर मरेल कोण? आकड्याविषयी वाद होते आणि आहेत. जागतिक भाव कुठला धरायचा यावर तो हलतो, आणि नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धात कापसाचे जागतिक भाव पडले तेव्हा अमेरिकन कापूस इथे स्वस्तात येऊ लागला. अमेरिकेने सबसिड्या काढल्या नव्हत्या. करार कमी कडक आहे, ही जोशींची तक्रार तिथे अक्षरशः खरी ठरली. पण विदर्भातल्या ज्या कोरडवाहू शेतकऱ्याचे पाच एकर त्या भावाखाली दबले त्याला या खरेपणाचा उपयोग नव्हता. खुल्या बाजारात उतरायला पाणी लागते, वेळेवर कर्ज लागते, माल दोन महिने घरात ठेवण्याची ऐपत लागते. हे नसताना मिळालेले विक्रीचे स्वातंत्र्य पुष्कळदा पडेल भावाने विकण्याचेच राहते. जोशी म्हणत, ते सगळे दारिद्र्यामुळे नाही आणि दारिद्र्य बंधनांमुळे आहे. क्रम उलटा लावता येतो, हे त्यांच्या विरोधकांचे म्हणणे. दोघांनाही एकमेकांना खोडून काढता आले नाही.

१९९४मध्ये त्यांनी स्वतंत्र भारत पक्ष काढला. नावातला धागा मुद्दाम राजाजींच्या पक्षाशी जुळवलेला. १९९५च्या विधानसभा निवडणुकीत पक्षाची वाताहत झाली आणि खुद्द जोशी हिंगणघाटला पडले. लाखांच्या सभा आणि मतपेटी यांतले अंतर महाराष्ट्रात अनेकांनी अनुभवले आहे, त्यात आणखी एक. पुढे संघटना फुटत गेली. २००४मध्ये भाजपशी जवळीक झाल्यावर कोल्हापूर-सांगलीच्या पट्ट्यातले राजू शेट्टी बाहेर पडले आणि स्वाभिमानी शेतकरी संघटना घेऊन त्यांनी उसाची पहिली उचल किती, हा जुना, रस्त्यावर बसून सोडवायचा प्रश्न हाती घेतला. ती संघटना वाढली, शेट्टी दोनदा खासदार झाले. अर्ध्या वाक्याला गर्दी मिळत राहिली.

बियाण्यांच्या लढाईत मात्र जोशींच्या बाजूला पुन्हा शेतकरी आले. २००१च्या ऑक्टोबरात गुजरातेत बोंडअळीने कपाशी फस्त केली असताना काही हजार एकरांवरचे पीक डौलात उभे दिसले. ते नवभारत सीड्सचे ‘नवभारत १५१’ नावाचे बियाणे. त्यात परवानगी न मिळालेले बीटी जनुक निघाले. पीक उपटून जाळा, असा केंद्राचा हुकूम सुटला. जोशी गुजरातेत गेले आणि जाळायला याल तर आम्हाला ओलांडून जावे लागेल, अशा भाषेत त्यांनी आव्हान दिले. जाळपोळ झाली नाही, आणि २६ मार्च २००२ रोजी जालन्याच्या महिको कंपनीच्या तीन बीटी वाणांना अधिकृत मान्यता मिळाली. गुंता बघा: मालमत्तेच्या हक्काचे पुरस्कर्ते ज्या बियाण्यासाठी उभे राहिले त्यातले जनुक दुसऱ्या कंपनीने मेहनतीने विकसित केलेले होते. जोशींचे लक्ष बियाण्याच्या मालकावर नव्हते, उभ्या पिकाच्या मालकावर होते.

२००४ ते २०१० ते राज्यसभेत होते. तिथे त्यांनी एक खासगी विधेयक मांडले. १९८९पासून लोकप्रतिनिधित्व कायद्यानुसार कुठल्याही पक्षाला नोंदणी हवी असेल तर समाजवादाशी निष्ठा लिहून द्यावी लागते. समाजवादाला विरोध करण्यासाठी पक्ष काढणाऱ्यानेही समाजवादाची शपथ घ्यायची, म्हणजे लोकशाहीची सुरुवातच खोट्या शपथेने. स्वतंत्र पक्षाच्या उरल्यासुरल्या महाराष्ट्र शाखेने हाच मुद्दा घेऊन १९९६मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचे दार ठोठावले होते. दोन्हींतून काही निघाले नाही. शपथ आजही तशीच आहे. ९ मार्च २०१० रोजी महिला आरक्षण विधेयक राज्यसभेत १८६ विरुद्ध १ असे मंजूर झाले. तो एक म्हणजे शरद जोशी. चांदवडवाला माणूस स्त्रियांच्या विरोधात गेला, अशी टीका झाली. मतदारसंघ चिठ्ठ्या टाकून फिरते ठेवल्याने कुठलीच बाई आपल्या मतदारसंघात मूळ धरणार नाही, असा त्यांचा आक्षेप होता. लक्ष्मीमुक्तीत सरकार नव्हते, इथे होते, हे लक्षात घेतले तर माणूस स्वतःशी सुसंगत होता.

१२ डिसेंबर २०१५ला पुण्यात ते गेले. त्यानंतर पाच वर्षांनी केंद्राने तीन कृषी कायदे आणले तेव्हा पंजाब-हरियाणाचे शेतकरी दिल्लीच्या वेशीवर वर्षभर बसले आणि महाराष्ट्रातल्या शेतकरी संघटनेने त्या कायद्यांचे स्वागत केले. तिचे अनिल घनवट सर्वोच्च न्यायालयाच्या समितीवर गेले, समितीने कायद्यांच्या बाजूने कौल दिला, पण अहवाल उघड होण्याआधीच सरकारने कायदे मागे घेतले. गव्हा-भाताची हमखास सरकारी खरेदी ज्याच्या दारी येते तो आणि ज्याच्या कांद्याला कधीच हमी भाव नव्हता तो, या दोघांना एकच कायदा सारखा दिसणे शक्य नव्हते.

त्या तीनपैकी एका कायद्याने कांदा आवश्यक वस्तूंच्या यादीतून जवळजवळ मोकळा होणार होता. जूनमध्ये वटहुकूम निघाला होता, आणि १५ सप्टेंबर २०२० रोजी लोकसभेने त्यावर शिक्कामोर्तब केले. शेतकऱ्याला आता आपला माल हवा तिथे विकता येईल, असे सभागृहात सांगितले जात होते. आदल्याच संध्याकाळी, १४ सप्टेंबरला, त्याच सरकारच्या विदेश व्यापार महासंचालनालयाने कांद्याची निर्यात बंद केली होती, आणि नाशिक जिल्ह्यात शेतकरी रस्त्यावर उतरले होते.